चिकटपट्टीवर उतरलेली घळ

उजव्या बुटाचा सोल टाचेकडून सुटला आणि सुसरीसारखा जबडा उघडून माझ्याबरोबर चालायला लागला, तेव्हा आम्ही जेमतेम तीन किलोमीटर उतरलो होतो. अजून तेरा बाकी होते. मागे फिरायचं तर पाच-सहाशे मीटरचा उभा चढ, पुढे जायचं तर नदीच्या गोट्यांतून थेट समुद्रापर्यंत. मधे गाडीरस्ता नाही, दुकान नाही. आमच्या गाईडबाई वळल्या, बुटाकडे बघितलं, सॅकच्या कडेच्या कप्प्यातून राखाडी चिकटपट्टीचं रीळ काढलं आणि म्हणाल्या, "दर आठवड्याला एक तरी असतो. बसा."

बुटांचा दोष नव्हता. मी बँकेत होते आणि शनिवार-रविवार सह्याद्रीत काढत होते, त्या दिवसांतले ते. गुडघ्यांनी कुरकुर सुरू केली तसे माळ्यावर गेले. वापरले नाहीत तर टिकतील, असा आपला एक समज असतो. साड्यांच्या बाबतीत तो थोडाफार खरा असेल, बुटांच्या बाबतीत साफ खोटा. सातारच्या पावसाळी हवेत आठ वर्षं पडून सोलच्या आतल्या फोमचा भुगा झाला होता आणि वरून बूट नव्याकोऱ्यासारखे दिसत होते. निघायच्या आदल्या दिवशी मी त्यांना पॉलिशसुद्धा केलं होतं.

बेत माझ्या भाचीचा. ती म्युनिकला नोकरी करते. जूनमध्ये तिला आठवडाभर सुट्टी होती, मी तिच्याकडे महिनाभरासाठी गेले होते, आणि ग्रीसमधल्या क्रीट बेटावर जाऊ म्हणाली तेव्हा माझ्या डोळ्यांसमोर निळा समुद्र आणि पांढरी खुर्ची आली. तिच्या डोळ्यांसमोर सामारियाची घळ होती. "मावशी, झेपेल ना तुला? सोळा किलोमीटर आहे," तिने विचारलं. "सगळा उतारच आहे ना?" मी म्हटलं. इतकी वर्षं डोंगरात घालवलेल्या बाईने हे वाक्य बोलावं याची मला आता लाज वाटते. चढ दमवतो आणि उतार मोडतो, हे मी स्वतः कितीतरी नवख्या पोरांना सांगितलेलं आहे.

क्रीटमधल्या हानिया शहरातून बस पहाटे अंधारात सुटते. संत्र्याच्या बागा संपतात, वळणं सुरू होतात, आणि तासाभराने बस ओमालोसच्या पठारावर येते. चहूबाजूंनी डोंगर आणि मधे ताटासारखी सपाट जमीन. या ताटातून बाहेर पडणारी नदीच नाही. हिवाळ्यात बर्फ वितळून जमलेलं पाणी त्झानिस नावाच्या एका गुहेच्या तोंडातून जमिनीत उतरून जातं. हा सगळा चुनखडीचा मुलूख आहे. चुनखडी पाणी पिते, पोटात वाटा करते आणि भलत्याच ठिकाणी सोडते. आपला काळा कातळ पाणी अंगावरून वाहू देतो, म्हणून आपल्याकडे पावसाळ्यात जागोजागी धबधबे. हा पांढरा दगड सगळं आत घेतो. हा फरक मला दिवसभर पायाखाली जाणवत राहिला.

पठाराच्या काठावर वाट सुरू होते, त्या जागेचं नाव क्सिलोस्कालो, म्हणजे लाकडी जिना. पूर्वी इथे झाडांच्या खोडांच्या पायऱ्या होत्या. आता दगडी फरसबंदीची नागमोडी वाट आणि दरीच्या बाजूला लाकडी कठडा आहे. उंची १,२३० मीटर. जून असूनही सकाळी हुडहुडी भरत होती. समोर गिंगिलोसचा कडा, २,०८० मीटर उंच, आणि त्याच्या फक्त माथ्यावर ऊन. बाकी सगळी दरी निळ्या सावलीत बुडालेली. तळ दिसतच नव्हता. तिकीट काढलं. गाईडबाईंनी बजावलं, "हे फेकू नका. खाली परत मागतात." मी ते कमरेच्या पाउचमध्ये ठेवलं आणि विसरून गेले.

ग्रीकमध्ये घळीला 'फारांगी' म्हणतात. हे कळल्यावर भाची आणि मी दोघी मिनिटभर हसत सुटलो. तमाम फिरंगी मंडळी फारांगीत उतरत होती आणि त्यांत आम्ही दोघी. गाईडबाईंना विनोद समजावून सांगायचा प्रयत्न केला. त्या सौजन्याने हसल्या.

इथे गाईडची गरज नाही, हे आधीच सांगून टाकते. वाट मळलेली आहे, किलोमीटरचे दगड आहेत, पाण्याचे नळ आहेत, वनखात्याचे रखवालदार आहेत. चुकायचं म्हटलं तरी जाणार कुठे, दोन्ही बाजूंना भिंती. गाईड मिळाल्या त्या भाचीने घेतलेल्या सहलीच्या पॅकेजात. पन्नाशीच्या, काटक, दक्षिण किनाऱ्यावरच्या स्फाकिया भागातल्या. हातात वाकडी काठी आणि तोंडात एकच मंत्र: "सिगा-सिगा." हळूहळू. बारा जणांच्या आमच्या घोळक्यात दोन तरुण जोडपी होती, ती पहिल्या वळणालाच दिसेनाशी झाली. "त्यांचे गुडघे संध्याकाळी बोलतील," बाई म्हणाल्या. त्यांच्या गोष्टी नसत्या तर मी या घळीतून फक्त फोटो घेऊन आले असते. आणि चिकटपट्टी नसती तर कदाचित खेचरावरून आले असते. जागोजागी रखवालदारांची खेचरं बांधलेली असतात. कुणाचा पाय मुरगळला, कुणाला चक्कर आली, की त्यांच्यावर बसवून नेतात. एक करडं खेचर माझ्या बुटाकडे फार वेळ बघत होतं असं मला वाटलं.

पहिले तीन-चार किलोमीटर नुसता उतार. पाईनच्या सुयांचा वास, खाली कुठेतरी पाण्याचा आवाज, आणि पायाखाली शतकानुशतकं नाही, पण साठ वर्षं लाखो पावलांनी घासून गुळगुळीत केलेला दगड. संगमरवरी फरशीसारखा. आपला कातळ खडबडीत असतो, बूट धरतो. हा दगड बुटाला धरत नाही, उलट ढकलतो. तिथेच कुठेतरी एका पायरीवर मी टाच आपटली आणि सोलने मान टाकली.

बाईंनी पट्टी कशी बांधली ते मी नीट पाहून ठेवलं. आधी पुढच्या चवड्याला तीन वेढे, मग टाचेच्या मागून घोट्यापाशी तिरका फुलीचा वेढा, आणि शेवटचं टोक वरच्या बाजूला, म्हणजे चालताना घासून सुटणार नाही. हाताने न फाडता दातांनी तोडली. "दोन किलोमीटर टिकेल. मग परत बांधू." बरोबर दोन किलोमीटर टिकली. दिवसभरात सहा वेळा बांधली. प्रत्येक वेळी त्या गुडघ्यावर बसत, आणि पहिल्या दोन वेळा मला भयंकर संकोच वाटला. आपल्याकडे कुणी पायाशी बसून बुटाला हात लावला की आपण अवघडतो. तिसऱ्या वेळेपासून मी खाली बसल्याबरोबर पाय पुढे करायला लागले. माणूस किती लवकर सरावतो!

चौथ्या किलोमीटरला सेंट निकोलसचं इवलंसं चॅपल आहे. भोवती सरूची झाडं. चित्रातल्या टोकदार मेणबत्तीसारखी नव्हेत, म्हातारी, फांद्या पसरलेली, दोघांच्या कवेत न मावणारी. तिथून पुढे उतार निवळतो आणि वाट नदीच्या पात्रात शिरते. नदी कधी असते, कधी नसते. शंभर पावलं पाणी खळखळतं, मग अचानक गोटे कोरडे आणि सगळं चिडीचूप. नदी दगडाखालून चालली आहे. पुन्हा पाव किलोमीटरवर ती शांतपणे वर येते. पाण्यात पाय घालायला मनाई. पोहायला, आग पेटवायला, रात्री राहायलाही. मधूनच पाट्या लागतात: दरडी कोसळण्याचा धोका, इथे थांबू नका, भरभर चाला. बाईंचं सिगा-सिगा आणि पाटीचं भरभर, यांत मी आपली पट्टी सांभाळत मधल्या गतीने.

सातव्या किलोमीटरला लाकडी पूल ओलांडला की सामारिया गाव येतं. घळीचं नाव या गावावरून. गावाचं नाव ओसिया मारिया या संतिणीच्या देवळावरून. इजिप्तची ही मारिया तारुण्यात उच्छृंखल होती आणि पुढे वाळवंटात एकटी तप करत राहिली अशी कथा. ओसिया मारिया, सिया मारिया, सामारिया. आपल्याकडेही देवाचं नाव जिभेवर झिजूनच गावाचं होतं. चौदाव्या शतकातलं ते देऊळ गावापासून थोडं बाजूला अजून उभं आहे.

गाव मात्र नाही. म्हणजे घरं आहेत. दगडाची, बुटकी, बरीचशी छप्पर नसलेली. दोन-चार नीट करून रखवालदारांना आणि दवाखान्याला दिलेली. बाकांवर दीडशेएक लोक बसून सँडविच खात होते. १९६२ साली ही घळ राष्ट्रीय उद्यान झाली आणि इथल्या शेवटच्या कुटुंबांना उठवलं. लाकूडतोड, मध, चीज, थोडी ऑलिव्हची झाडं, यांवर जगणारी माणसं. हिवाळ्यात नदीला पूर आला की महिनोन्‌महिने बाहेर पडता येत नसे. त्याच दुर्गमपणामुळे तुर्कांच्या काळात ही घळ आसरा होती. १७७० मध्ये स्फाकियाच्या दास्कालोयानिसने बंड केलं तेव्हा बायकापोरं इथे आणून ठेवली होती. तो पुढच्या वर्षी पकडला जाऊन मारला गेला, घळीत मात्र तुर्कांना शिरता आलं नाही. हे सांगताना बाईंचा आवाज थोडा उंचावला. १९६२ बद्दल बोलताना तो पुन्हा खाली आला. "कुणी म्हणतं बरं झालं, शाळा मिळाली, डॉक्टर मिळाला. कुणी म्हणतं आम्हाला हाकललं," एवढंच म्हणून त्या पाणी भरायला गेल्या.

मी मात्र १९६२ या आकड्यापाशी अडकले.

माझ्या आईचं माहेर कोयनेच्या खोऱ्यातलं. आज ते कोयना धरणाच्या शिवसागर जलाशयाखाली आहे. कोयनेच्या पहिल्या टप्प्याची वीज सुरू झाली तेही १९६२ सालीच. आईचं लग्न होऊन चार वर्षं झाली होती, ती साताऱ्यात होती. तिच्या भावांना जमीन मिळाली सोलापूर जिल्ह्यात. जिथे आषाढात चूल पेटवायला कोरडं लाकूड मिळत नसे तिथली माणसं, आषाढात आभाळाकडे बघत बसणाऱ्या माळावर गेली. त्यामुळे मला आजोळ म्हणून आठवतं ते पत्र्याचं घर, बाभळी आणि टँकर. खरं आजोळ मी पाहिलेलंच नाही. थोरल्या मामाने निघताना जातं आणायचं ठरवलं होतं. खालचा दगड जमिनीत पक्का बसवलेला, तो निघेना. शेवटी वरचाच तेवढा आणला. पुढे पाथरवटाकडून नवा खालचा दगड करून घेतला, पण जुन्या-नव्याचं कधी जमलंच नाही. पीठ जाडंभरडं यायचं. मामी म्हणायची, याला खाली आपला माणूस पायजे.

सामारियात एका नीट केलेल्या घरात ऑलिव्हचं तेल काढायची जुनी घाणी आहे. अंधाऱ्या खोलीत मोठा गोल दगड. मी दारात उभी राहिले आणि पहिला विचार हाच आला की हा दगड का नेला नाही. लगेच दुसरा, की नेणार कसा, आणि नेऊन ठेवणार कुठे. दगडाच्या कडेला एक खळगा पडला होता, बोटं जातील एवढा. कुणाच्या तरी हाताने पडलेला असेल किंवा लाकडी दांड्याने. मी त्यात बोट घालून पाहिलं. थंड होता.

भाची मागून आली. "मावशी, बकरी बघ."

क्री-क्री! क्रीटची रानबकरी. अंगावर करडा-तपकिरी रंग, पाठीवर काळी रेघ, आणि मागे वळलेली शिंगं, एखाद्या विळ्यासारखी. कड्यांवर दुर्बिणीने शोधावी लागेल असं मला वाटलं होतं. ही बाई सरळ बाकांमधून फिरत होती, सफरचंदाच्या सालीच्या शोधात. माझ्याजवळ येऊन तिने चिकटपट्टी हुंगली, नापसंत केली आणि पुढे गेली. घळ राखायचं ठरवलं त्यामागे ही बकरी हे एक मोठं कारण होतं. शिकारीमुळे आणि विशेषतः दुसऱ्या महायुद्धाच्या काळातल्या उपासमारीमुळे ती संपत आली होती. आज घळीत ती नांदते आहे.

गंमत अशी की ही बकरी मुळात रानातली नसावी, असं अलीकडचा अभ्यास सांगतो. हजारो वर्षांपूर्वी पहिले शेतकरी होडीतून या बेटावर आले, त्यांनी आणलेल्या, नुकत्याच माणसाळलेल्या बकऱ्या रानात सुटल्या आणि रानच्या झाल्या. म्हणजे माणसाबरोबर आलेली बकरी राहावी म्हणून माणसांना उठवलं. मी हे भाचीला म्हटलं. ती तर्काने चालणारी मुलगी आहे. "मग काय बकरीला उठवायचं होतं का?" म्हणाली. "लोक इथे असते तर झाडं राहिली असती? आपण आलो असतो?" तिचं बरोबर होतं. ते सरू तुटले असते. धरणाबद्दलही मी हेच ऐकत मोठी झाले, आणि कोयनेच्या विजेवर अभ्यास करून बँकेत लागले. कोयनेच्या खोऱ्यात धरणातून वाचलेल्या वरच्या वाड्यांपैकी काही पुढे अभयारण्यासाठी उठल्या, आता तिथे व्याघ्र प्रकल्प आहे. त्या जंगलाचे फोटो कुणी पाठवले की मीही 'अप्रतिम' लिहिते. तरी त्या घाणीपाशी मला बरोबर-चूक काही सुचत नव्हतं. मी आपली त्या दगडाचा खळगा आठवत राहिले. बाईंनी तिसऱ्यांदा पट्टी बांधली.

गावापुढे घळ अरुंद होत जाते. इथे भिंतींमधले दगडाचे थर नीट बघण्यासारखे आहेत. पातळ पातळ, पांढरे आणि करडे, आणि सरळ नाहीत, अख्ख्या कड्यावर मुरडलेले. कुणीतरी पाटवडीची लाटी ओली असतानाच दोन्ही बाजूंनी दाबली असावी तसे. समुद्राच्या तळाशी बसलेला गाळ, जमिनीच्या दोन तबकड्यांच्या रेट्यात चुरगळून वर उचललेला. आफ्रिका अजूनही खालून ढकलते आहे. आपल्या सह्याद्रीत थर आडवे, मापात, पायऱ्यांसारखे, कारण लाव्हा येऊन पसरला आणि निवला. तिथे उभं राहिलं की सगळं एकदा घडून गेलं असं वाटतं. इथे भिंत बघताना चालू कामात शिरल्यासारखं वाटतं.

अकराव्या किलोमीटरला सिदेरोपोर्तेस, म्हणजे लोखंडी दरवाजे. सगळ्या पोस्टकार्डांवर असते ती जागा. तळाशी रुंदी चार मीटर, दोन्ही बाजूंना जवळजवळ तीनशे मीटरच्या भिंती. मान मागे टाकली तर आकाशाची चिंधी. खरं सांगू? मला सांधण दरी जास्त आवडते. तिथे भिंती अंगावर येतात, पाण्यात छातीपर्यंत उतरावं लागतं, अंधारतं. इथे लाकडी फळ्यांची पायवाट होती आणि तिच्यावर फोटोसाठी रांग. माझ्यापुढच्या बाईंनी तीन वेगवेगळ्या टोप्या घालून फोटो काढले. पण वारा मात्र खास. समुद्राकडून येणारा वारा त्या फटीतून असा घुसतो की घामाने चिकटलेला शर्ट एका क्षणात सुटा होतो, आणि त्याला मिठाचा वास असतो. चार तासांत पहिल्यांदा समुद्राची चाहूल लागली ती नाकाला.

या घळीला युरोपातली सर्वांत लांब घळ म्हणायची पद्धत आहे. हानियातल्या निम्म्या दुकानांवर तसं लिहिलंय. फ्रान्समधली वेर्दोनची घळ पंचवीसएक किलोमीटर आहे. बाईंना हे विचारलं तर म्हणाल्या, "आमची पायांना सर्वांत लांब आहे." ते मात्र मला बाराव्या किलोमीटरला पटलं.

तेराव्या किलोमीटरला उद्यान संपतं. फाटकावर रखवालदार हात पुढे करून उभा. तिकीट! मी पाउच उघडलं. दोन चॉकलेटचे कागद, बाम, गुडघ्याच्या गोळ्या, घाणीच्या खोलीचा काढलेला अंधारा फोटो असलेला फोन. तिकीट नाही. मागे रांग वाढली. भाचीच्या चेहऱ्यावर तिच्या आईचा, म्हणजे माझ्या धाकट्या बहिणीचा, शाळेतल्या स्नेहसंमेलनातला चेहरा उमटला. शेवटी सापडलं ते चिकटपट्टीच्या आत. चौथ्या वेढ्याच्या वेळी बाईंना पट्टीचं टोक धरायला काहीतरी हवं होतं, मी पाउचमधला हाताला लागलेला कागद दिला होता. रखवालदाराने वाकून पट्टीतून डोकावणारा कोपरा बघितला आणि हसत वहीत खूण केली. हे कशाला, मी विचारलं. वर फाडलेली आणि खाली जमा झालेली तिकिटं संध्याकाळी ताडून बघतात. आत कुणी राहिलं नाही ना, याची खात्री करून मगच घळ बंद करतात.

तिथून समुद्र तीन किलोमीटर. कोणी सांगत नाही, पण सगळ्यांत कठीण हेच. सावली संपते, पांढऱ्या गोट्यांवरून ऊन उलटं तोंडावर येतं. वाटेत आयिया रूमेलीचं जुनं गाव लागतं, तेही ओसाड. नदीच्या पुरानंतर तिथले लोक खाली किनाऱ्याला सरकले. एका दिवसात दुसरं रिकामं गाव. इथे मी थांबले नाही. पायांचं ऐकायची वेळ होती.

आयिया रूमेलीला मोटारीचा रस्ता नाही. चालत या किंवा बोटीने. त्यामुळे गावाला एक निवांतपणा आहे, आणि खाणावळींना एक आत्मविश्वास. बूट काढले. डाव्या पायाच्या अंगठ्याचं नख काळं पडलं होतं. काळ्या गोट्यांचा किनारा तव्यासारखा तापलेला, त्यावरून टुणटुण उड्या मारत आम्ही दोघी पाण्यात कंबरेपर्यंत कपड्यांसकट शिरलो. लिबियाचा समुद्र म्हणतात त्याला. दक्षिणेला थेट आफ्रिका.

मग स्फाकियाची पिटा खाल्ली. त्याबद्दल लिहिलंच पाहिजे. मिझिथ्रा नावाच्या मऊ ताज्या चीजचा गोळा कणकेच्या पारीत भरतात, तोंड मिटतात, लाटतात आणि तव्यावर कोरडीच भाजतात. वरून थाइमच्या फुलांचा मध. अहो, ही पुरणपोळी! पुरणाऐवजी चीज, तुपाऐवजी मध. स्वयंपाकघराच्या दारातून मी बघत राहिले. आतल्या आजीबाई लाटी हातावर थापताना कडा बोटाने पातळ करत होत्या, अगदी तशाच, म्हणजे सगळीकडे सारखं पसरावं म्हणून. मी खुणेने लाटणं मागितलं. त्यांनी संशयाने दिलं. माझी दुसरी पोळी न फुटता लाटली गेली. पहिलीबद्दल लिहीत नाही.

साडेपाचची बोट. १९४१ च्या मे महिन्यात जर्मन छत्रीसैनिक बेटावर उतरले तेव्हा ग्रीसचा राजा हे डोंगर ओलांडून याच किनाऱ्यावर आला आणि रात्री ब्रिटिश विनाशिकेवर चढून निसटला. बाईंनी हे सांगितलं तेव्हा आमच्यापैकी निम्मे लोक डेकवर झोपलेले होते. ती पुढे पळालेली तरुण जोडपीही. बाई बोलल्या तसे गुडघे बोलत असावेत.

बोट कड्यांच्या जवळून जाते. पाण्याच्या बऱ्याच वर, कड्यावर एक गडद आडवी रेघ दिसते, पट्टीने आखल्यासारखी. ती जुनी समुद्रपातळी. इसवी सन ३६५ मधल्या भूकंपात क्रीटचा हा पश्चिम भाग एका झटक्यात वर उचलला गेला, काही ठिकाणी नऊ मीटरपर्यंत. पश्चिम टोकाला फालासार्ना नावाचं प्राचीन बंदर आहे, त्याची गोदी तेव्हापासून कोरड्या जमिनीवर पडून आहे. मी ती रेघ लुत्रो हे किनाऱ्यावरचं गाव येईपर्यंत बघत होते. मे महिन्यात शिवसागराचं पाणी उतरतं तेव्हा काठाच्या डोंगरांवर अशीच रेघ असते. लाल मातीची. तिच्याखाली काही उगवत नाही.

लुत्रोजवळ फोनला रेंज आली. तिकडे रात्रीचे आठ वाजून गेले होते, आईची जेवणं झाली असतील म्हणून लावला. आई आता शहाऐंशी वर्षांची आहे. तिला घळ सांगितली, बकरी सांगितली, चीजची पुरणपोळी सांगितली, ती 'शी' म्हणाली. मग गावाचं सांगितलं. धरण नाही, जंगलासाठी उठवलं, म्हटलं. ती थोडा वेळ काही बोलली नाही. मला वाटलं रेंज गेली.

"आणि द्येव?" तिने विचारलं. "द्येव कुठं न्हेला त्यांनी?"

"देऊळ तिथंच आहे गं. जुनं. बाईच्या जातीचा देव आहे, मारिया म्हणून."

"म्हंजे पान्यात न्हाई गेला."

"नाही."

"बरं," आई म्हणाली. आमच्या मामांनी देव बैलगाडीत घालून नेला होता, मांडीवर घेऊन, हे मला तिनेच सांगितलेलं. ती ते पुन्हा सांगेल असं वाटलं. पण ती म्हणाली, "बुटाला काय झालं म्हनलीस?"

"सोल निघाला. बाईंनी पट्टी बांधून दिली."

"टाकू नको. हितं आन. मंडईमागं शिवून देत्यात चांगले, माझी चप्पल दोनदा शिवलीया."

"बरं," मी म्हटलं.

होरा स्फाकियोनच्या धक्क्यावर उतरून आम्ही बसकडे निघालो. मी भाचीच्या रबरी चपला घातल्या होत्या, एक नंबर लहान. बूट आयिया रूमेलीच्या किनाऱ्यावरच्या कचऱ्याच्या पिंपात होते, चिकटपट्टीसकट, तिकिटासकट.